भिंतीकडची रेघ

ता. ४, सोमवार

चि. ठकूस,

भरपूर आशीर्वाद. इकडे मी आणि घड्याळं, सगळे वेळेवर आहोत. तुझे पाय सुजत असतील तर उशीवर ठेवून बस आणि डॉक्टरीणबाई सांगतील ते ऐक. त्या बाबतीत तरी बापावर जाऊ नकोस.

रोज फोन करत जा म्हणतेस, पण मला पत्रच बरं वाटतं. तुमच्याकडची लाइन फारच बिघडली आहे. मागच्या वेळी तू बोललीस ते सगळं रजईत तोंड खुपसून बोलल्यासारखं येत होतं. मी आपला 'हो, हो' करत राहिलो. नंतर जावईबापूंचा निरोप आला की मी म्हणे कानाच्या डॉक्टरकडे जायला कबूल झालोय! मी कधी कबूल झालो? कंपनीकडे तक्रार करा म्हणावं आधी.

नवा फोन पोचला. इतका गुळगुळीत आहे की दोनदा हातातून निसटला. जन्मभर चिमट्यात स्क्रू धरणाऱ्या माणसाची ही गत. बाळाला झोपताना आपल्या दुकानातल्या घड्याळांचा आवाज ऐकवायचा ही तुझी कल्पना मात्र मला फार आवडली. तूही त्याच आवाजात झोपायचीस. मी घड्याळं थांबवली की पाळण्यात उठून बसायचीस आणि माझ्याकडे रागाने बघायचीस.

तुझा सूचनांचा कागद समोर ठेवून बसलो आणि शिकलो. आधी एरोप्लेन मोड, म्हणजे मध्येच कुणाचा फोन येऊन विचका होत नाही. पंखा बंद. फोनखाली घडी घातलेला टॉवेल, म्हणजे टेबलाची थरथर आत जात नाही. घड्याळापासून फोन वीतभर लांब. पहिल्या दिवशी मी फोनच्या वरच्या टोकाशी तोंड नेऊन बोलत होतो आणि खालचं भोक अंगठ्याने गच्च दाबून धरलं होतं. 'माइक खाली असतो' याच्याखाली तू दोनदा रेघ का मारलीस ते मग कळलं. बापाला बरोबर ओळखतेस.

तांबडं बटण दाबलं की पडद्यावर रेघ चालू लागते. आवाज झाला की तिला काटे फुटतात. लहान आवाजाला लहान, मोठ्याला मोठा. काटा वरच्या कडेला टेकला की आवाज फाटतो, तेव्हा फोन जरा मागे घ्यायचा. हे सगळं मी पाळतो. फक्त शेवटची सूचना वाचून हसू आलं. काहीही रेकॉर्ड करण्याआधी म्हणे रिकाम्या खोलीचा आवाज घ्यायचा! घड्याळं थांबवायची, आपणही गप्प बसायचं आणि नुसती खोली रेकॉर्ड करायची, म्हणजे नंतर तुला तो खोलीचा आवाज मागून पुसून काढता येतो. स्टुडिओतल्या काचेच्या खोलीत बसून लोकांच्या रेकॉर्डिंगमधले श्वास कापायची तुझी नोकरी मला आधीच अजब वाटायची, आता तू खोल्याही पुसतेस तर. पण करतो. रोज दुपारी दुकान मिटलं की घड्याळं थांबवून खोली घेतो, मग एकेक घड्याळ चालू करून घेतो.

'इयरफोन लावून ऐकून बघा' असंही लिहिलंयस. त्याची गरज पडत नाही. रेघ बघितली की कळतं.

आणि एक गंमत सांगतो. लंबकाच्या घड्याळाची चाल लंगडी असली की टिक आणि टॉकमधली अंतरं सारखी पडत नाहीत. तुझ्या या रेघेवर ती अंतरं चक्क दिसतात! काटा, जागा, काटा, जागा. घड्याळ किंचित तिरकं करायचं आणि जागा सारख्या होईपर्यंत बघत राहायचं. हल्ली मी फोन समोर ठेवूनच काम करतो. गिऱ्हाइकांना वाटतं, म्हातारा सुधारला.

शेजारच्या बाईही सुधारल्या आहेत. आठवतं ना, दुपारचे टोले पडायला लागले की पलीकडून त्यांची लाकडी पट्टी आपल्या भिंतीवर आपटायची? टक, टक, टक. वर्गात टेबलावर आपटायच्या तशीच. 'शांत बसा!' तुझे पाढे त्यांनीच पाठ करून घेतले म्हणून तुझ्या आईच्या सांगण्यावरून मी गप्प बसायचो आणि घड्याळं थांबवायचो. आई गेल्यापासून आम्ही दोघं जिन्यातसुद्धा बोलत नाही. पण गेल्या वर्षभरात बाईंनी भिंत बडवणं साफ सोडून दिलंय. वयाने माणूस शहाणं होतं ते असं.

माझ्यासाठी ठेवलेली तुमची ती खोली रिकामीच राहू दे. दुकान आहे तोवर मी आहे. तो विषय आता नको.

तुझा,
बाबा


ता. १४, गुरुवार

चि. ठकूस,

आशीर्वाद. पत्र पोचेल तेव्हा पोचेल, पण एक रेकॉर्डिंग आत्ता फोनवरून पाठवतोय. ते आधी ऐक. का पाठवतोय ते इथे सविस्तर लिहितो, कारण त्या इवल्या कळफलकावर एवढं लिहायचं तर बोटं मोडून येतील.

परवा दुपारी नेहमीसारखी घड्याळं थांबवली. दुकानात मी एकटा. दार लावलेलं, पंखा बंद, समोरचा सलूनवालाही जेवायला गेलेला. खोली अगदी शांत. तांबडं बटण दाबलं. रेघ सपाट चालली होती. आणि मध्येच तिला काटे फुटले. तीन. मग सपाट. मग पुन्हा तीन.

मला वाटलं, एखादं घड्याळ थांबवायचं राहिलं. एकेक लंबक हाताने धरून बघितला. मनगटी घड्याळं खणात होती, तो खणच आतल्या खोलीत नेऊन ठेवला. परत येऊन बसलो. रेघ सपाट. मी सुस्कारा सोडला, तर पुन्हा तीन काटे.

ठकू, तू हसशील, पण माझ्या अंगावर काटा आला. खोलीत काही म्हणजे काही वाजत नव्हतं. मी श्वास धरून बसलो होतो. आणि माझ्या डोळ्यांसमोर ती रेघ कुणीतरी वाजवत होतं.

काल फोन हातात धरून खोलीभर फिरलो. दाराकडे रेघ जवळजवळ झोपते. टेबलापाशी काटे बुटके. मागच्या भिंतीकडे जावं तसे ते वाढत जातात. तिथे ते मोठं घड्याळ टांगलंय, ज्याचा मालक दुरुस्तीला देऊन गेला तो परत आलाच नाही. नंतर कळलं की तो वारला. माझा भुताखेतांवर विश्वास नाही हे तू जाणतेस. तरीही मी ते घड्याळ भिंतीवरून उतरवलं, आतली चाकं मोकळी केली, लंबक काढून वर्तमानपत्रात गुंडाळला आणि सगळं उचलून जिन्याखाली नेऊन ठेवलं. परत आलो, फोन त्या मोकळ्या खिळ्याखाली धरला.

तीन. पुन्हा तीन. आणि आता इतक्या जवळून काट्यांच्या मधल्या जागेतही काहीतरी दिसत होतं. खुरटं, गवतासारखं. तू मला लहानपणच्या गाण्यांच्या रेघा पाठवल्या होत्यास ना, साधारण तसं. पण फार बारीक.

घड्याळं सुरू केली की त्यांच्या काट्यांत ते सगळं लपून जातं. थांबवली की पुन्हा येतं. जणू घड्याळं थांबण्याचीच वाट बघत असावं. आज तर घड्याळं थांबवल्याबरोबर लगेच आलं. घाईघाईने आल्यासारखं, तीन-तीन-तीन, मध्ये जागाच नाही. मग थोडा वेळ काही नाही. मग सावकाश तीन. काटेही आजचे कालच्याहून बुटके आहेत.

मी भिंतीला हात लावून उभा राहिलो. गार होती, आणि आतून कुणी बोटाने टिचकी मारावी तशी हाताला अगदी पुसट काहीतरी लागली. मी हात काढून घेतला.

फोनमध्येच बिघाड असेल तर तसं सांग, बदलून घेऊ. तू या कामातली आहेस. खोलीचा आवाज पुसता पुसता असलं काही तुला कधी सापडलं आहे का?

आता जेवायला बसतो. भूक मेली आहे, पण बसतो.

तुझा,
बाबा


ता. १७, रविवार

प्रिय ठकू,

तुझा निरोप पुन्हा पुन्हा वाचला. 'बाबा, तुम्हाला ऐकू येत नाही ना?' एवढाच. रागावली असतीस तर बरं झालं असतं.

हो. येत नाही. डावा कान तर कधीचाच गेला, उजव्यानेही वर्षभरात हात टेकले. तुमची लाइन चांगली आहे. तक्रार केली असशील तर कंपनीची माफी माग.

तुला काय काय कळलंय माहीत नाही, म्हणून माझ्या बाजूने लिहितो. रेकॉर्डिंग पाठवून मी जेवायला बसलो. तू लगेच फोन करत होतीस म्हणे. फोन टेबलावर होता, टॉवेलवर. त्यामुळे थरथरही कळली नाही. मी त्याच्याकडे पाठ करून भात कालवत होतो. मग तू सलूनवाल्याला फोन लावलास. तो एका गालाला साबण लावलेलं गिऱ्हाईक तसंच सोडून धावत आला. दार बडवून बडवून थकला आणि शेवटी खिडकीतून आत आला. मला दिसलं ते एवढंच की एक माणूस खिडकीतून उडी मारून आला आणि माझ्या तोंडापुढे ओरडतोय. त्याच्या ओठांवरून एकच शब्द कळला. 'बाई.' मग त्याने भिंतीकडे बोट केलं.

आम्ही कडी तोडली. बाई भिंतीला लागून पडल्या होत्या. दिवा बदलायला स्टुलावर चढल्या आणि पडल्या. मांडीचं हाड मोडलेलं. हातात ती पट्टी. तिचं टोक झिजून पांढरं झालं होतं आणि भिंतीच्या रंगाचा चुरा त्यांच्या केसांत पडला होता. माझा तो मोकळा खिळा आणि त्यांचं डोकं यांच्यामध्ये एक वीट, ठकू. फक्त एक वीट. पलीकडे त्या हाका मारत होत्या आणि अलीकडे मी फोन धरून त्यांचं गवत बघत होतो.

बाई शुद्धीवर होत्या. सलूनवाल्याने त्यांना पाणी पाजलं तेव्हा त्या काहीतरी म्हणाल्या. मी त्याला विचारलं, काय म्हणाल्या? तो सांगायला तयार नव्हता. मी त्याचा दंड धरला तेव्हा त्याने आरशावर साबणाने लिहावं तसं माझ्या हिशेबाच्या पाटीवर खडूने लिहिलं. 'म्हणाल्या, काकांनी घड्याळं थांबवली, म्हणजे ऐकलं त्यांनी. आता येतीलच.'

रोज दुपारी त्यांनी ठोठावलं आणि रोज दुपारी माझी घड्याळं थांबली. पूर्वी थांबायची तशीच. त्यांना वाटायचं, ऐकलं याने. मग त्या शांत पडून वाट बघायच्या. थोड्या वेळाने मी पुन्हा घड्याळं चालू करायचो.

मला लाज वाटते असं लिहिलं तर ते फारच थोडं होईल. कान गेले यात लाज कसली, जातात माणसाचे. पण ते गेले हे तुझ्यापासून लपवायला मी तुझीच रेघ वापरली. दुकान बंद करायला लावशील या भीतीने. घड्याळजीचे कान गेले म्हटल्यावर त्याच्याकडे घड्याळ कोण देणार? आणि तुझ्या बाळाचं रडणंही मला आता रेघेतच बघावं लागेल, याचा तर मी विचारच करायचा नाही असं ठरवलं होतं.

तू निघून येतेस असं लिहिलंस. या दिवसांत प्रवास करायचा नाही. माझी शपथ आहे. बाई दवाखान्यात आहेत, मी रोज जाऊन बसतो. तू सांगशील त्या कानाच्या डॉक्टरकडेही जाईन. या वेळी खरंच कबूल.

बाबा


ता. २३, शनिवार

प्रिय ठकू,

बाई गेल्या. सलूनवाल्याने कळवलं असेलच. तुझ्या डोळ्यांत पाणी येईल, येऊ दे. पण आडवी पड आणि वेळेवर जेव.

एक गोष्ट त्यालाही ठाऊक नाही. ती फक्त तुला लिहितोय.

आदल्या दिवशी दुपारी मी त्यांच्या खाटेशी बसलो होतो. वॉर्डात तेव्हा दुसरं कुणी नव्हतं, नर्स बाहेर गेली होती. बाईंनी डोळे उघडले, मला ओळखलं आणि माझं मनगट धरलं. किती वर्षांनी आम्ही एकमेकांकडे नीट बघत होतो! त्यांचे ओठ हलायला लागले. मी वाकलो. उजवा कान अगदी त्यांच्या तोंडाशी नेला. नुसती ऊब लागली, बाकी काही नाही. मी खुणेने थांबा म्हटलं, खिशातून फोन काढला, उशीवर वीतभर अंतरावर ठेवला, माइक त्यांच्याकडे करून. तांबडं बटण दाबलं. म्हटलं, बोला बाई.

त्या बराच वेळ बोलल्या. रेघेवर खुरटं गवत उगवत होतं. मी ते बघत होतो आणि त्यांना वाटत होतं, मी ऐकतोय. बोलून झाल्यावर त्या माझ्याकडे बघत राहिल्या. प्रश्न विचारून उत्तराची वाट बघतात ना वर्गात, तशा. काहीतरी मागितलं होतं त्यांनी. आता कसं म्हणू, बाई, मला कळलं नाही, पुन्हा सांगा? त्यांच्यात तेवढं बळ नव्हतं. आणि एकदा नव्हतं ऐकलं मी, ते पुरेसं नव्हतं का?

मी म्हटलं, हो. त्यांनी मनगट आणखी घट्ट धरलं. मी म्हटलं, हो बाई, नक्की. मग त्यांनी हात सोडला आणि हसून डोळे मिटले. सकाळी गेल्या.

तुझ्याशी फोनवर 'हो, हो' करायची सवय. ती शेवटी अशी नडली.

सगळं आटोपल्यावर काल पहिल्यांदा दुकान उघडलं. दुपारी मिटलं. का कुणास ठाऊक, घड्याळं थांबवली, टॉवेल घातला, फोन ठेवला. त्या खोलीचा आवाज एकदा स्वच्छ घ्यावा, एवढाच हेतू होता. रेघ सपाट चालली होती. बघून मला बरंही वाटलं आणि वाईटही.

मग तीन काटे फुटले.

मी फोन उचलून भिंतीपाशी गेलो. तीन. उंच, ठसठशीत, कुणी उभं राहून ठोठावावं तसे. बाईंच्या घराला नवी कडी बसवून कुलूप घातलंय, किल्ली सलूनवाल्याकडे आहे. त्याच्याकडून मागून घेतली, काही न सांगता. आत गेलो. स्टूल कोपऱ्यात उभं केलेलं, फरशी पुसलेली, पट्टी टेबलावर. कुणी नाही. उंदराची लेंडीसुद्धा नाही. भिंतीला हात लावला, काही लागलं नाही. कुलूप घालून परत आलो आणि बसलो. तीन काटे. मग तेवढीच जागा. मग तीन. या वेळी मध्ये गवत अजिबात नाही. हाक मारणं संपलंय. नुसतं ठोठावणं आहे. गृहपाठ आणला का, असं त्या विचारायच्या आणि उत्तर येईपर्यंत पट्टी वाजवत राहायच्या, ते तुला माझ्याहून जास्त आठवत असेल.

आजही तेच झालं.

सलूनवाल्याला ऐकवता आलं असतं. फोन हातात घेऊन त्याच्या दारापर्यंत गेलो आणि परत फिरलो. त्याला काही ऐकू आलं नाही तर? आणि आलं तर?

म्हणून दोन रेकॉर्डिंग पाठवतोय. भिंतीचं वाटलं तर ऐक, नको वाटलं तर पुसून टाक. तुझ्या अवस्थेत न ऐकलेलंच बरं. त्यात काय आहे ते मला रेघेवर दिसतं. पण उशीवरचं रेकॉर्डिंग ऐक. इयरफोन लावून, काचेच्या खोलीत बसून, तुझी सगळी विद्या पणाला लावून ऐक. वॉर्डाचा आवाज पुसून काढ, पण त्यांचे श्वास कापू नकोस. त्यांचा एखादा शब्द श्वासात अडकला असेल. शेवटी माझा 'हो' ऐकू येईल. त्याच्या आधी त्यांनी काय मागितलं, ते शब्दन् शब्द कागदावर लिहून पाठव. पडद्यावरच्या एका ओळीत नको, आणि फोन करून तर नकोच. फोन वाजला तरी मला कळणार नाही.

काहीही असो, मी ते करीन. दुकान विकावं लागलं तरी करीन. तुझ्याकडे त्यानंतरच येता येईल, तोवर खोली रिकामी ठेव. पण लवकर लिही, ठकू. मी घड्याळं पुन्हा चालू केलेली नाहीत. ती थांबलेली आहेत, म्हणजे मी ऐकलं, असंच त्या समजत असतील.

दिलेल्या शब्दात अडकलेला,
तुझा बाबा